राजदूताचा सुजलेला अंगठा

सर,

गुरुवारी माझ्या थीसिसची तोंडी परीक्षा आहे, आणि त्यातलं जे सगळ्यांना आवडलं आहे ते तुमचं आहे. हे आधीच लिहून टाकते, नाहीतर नेहमीसारखी हवापाण्यावर घसरेन. तुम्हाला जाऊन चार वर्षं झाली. ही काही पत्र लिहायची वेळ नव्हे. संदर्भांची यादी अजून तपासायची आहे, शेवटचं प्रकरण प्रिंट करायचं आहे. पण सकाळपासून एका जागी बसवत नाही. दोनदा चहा केला आणि दोन्ही वेळा तो तसाच गार झाला.

पुण्यातल्या तुमच्या स्वयंपाकघरातलं टेबल सारखं डोळ्यांपुढे येतं. काकू बँकेतून यायच्या आत भाजी निवडून ठेवायची हे तुमचं रोजचं काम, आणि मला शिकवायची वेळही तीच. वर्तमानपत्रावर मेथीची जुडी, शेजारी लायब्ररीतून आणलेला जाडजूड खंड. दोनअडीचशे वर्षांपूर्वी तुर्कस्तानच्या सुलतानाकडे राहिलेल्या एका इंग्रज राजदूताची पत्रं. तुम्ही त्याला ‘साहेब’ म्हणायचात, जणू तो समोरच्या बिल्डिंगमध्ये राहतो आणि त्याचं सगळं तुम्हाला ठाऊक आहे. साहेबाला तुर्की येत नव्हतं. तो रागावून काही बोलला की दुभाषा ते गोड करून वजिराला सांगायचा, आणि साहेब समजायचा की आपण चांगलं सुनावलं. दरबारात जायचं तर पहाटेपासून अंगणात ताटकळायचं, मग त्यांनी दिलेला झगा चढवायचा आणि दोन माणसं दोन्ही दंड धरून आत नेणार. “नवरीला मांडवात नेतात तसा नेला बिचाऱ्याला,” असं म्हणून तुम्ही स्वतःच हसत सुटायचात. पत्र लंडनला पोचायला दोन-दोन महिने. वाटेत हरवेल म्हणून तेच पत्र दोन वेगळ्या वाटांनी पाठवायचं. उत्तर येईपर्यंत भांडण मिटलेलं असायचं, नाहीतर वजीर बदललेला. या गमतीपायीच मी इतिहासात अडकले आणि २००१ मध्ये इथे, पेनसिल्व्हेनियातल्या या स्टेट कॉलेज नावाच्या गावात आले.

त्याच टेबलावर तुम्ही मला एकदा झापलंत, तेही आठवतं. मी एक निबंध आणला होता. तुम्ही दोन पानं वाचलीत आणि विचारलंत, “हे कोणाचं?” माझं, म्हटलं. “मग वही मिटून सांग बघू, यात काय म्हटलंय ते.” मला एक वाक्य सांगता आलं नाही. तुम्ही वही परत दिलीत आणि मेथी निवडायला लागलात.

आणि ती दुपार. तुम्ही हात पुसून खंड उघडता आणि म्हणता, “अगं, हे बघ. साहेबाच्या पायाचा अंगठा सुजला की तो महिना महिना अंथरुणात. पण पत्रं काही थांबत नाहीत. उलट त्याच महिन्यांतली वाचण्यासारखी. पावाचा भाव काय, प्लेगमुळे कुठल्या गल्ल्या बंद, वजीर कशाने वैतागला. एरवी साहेबाला स्वतःच्या मानपानापलीकडे काही सुचत नाही. अंगठा सुजून कोणाची भाषा सुधारते का?” ती पत्रं त्याचा सेक्रेटरी लिहीत असणार आणि साहेब नुसती सही करत असणार, असं तुमचं म्हणणं. पुरावा नव्हता. मूळ कागद लंडनला, आणि तुमची धाव साताऱ्यापर्यंत. तुम्ही ते कुठे लिहिलं नाहीत, छापलं तर नाहीच. पुन्हा मेथीकडे वळलात.

पुरावा मला मिळाला, सर. मागच्या उन्हाळ्यात सहा आठवडे मी लंडनच्या दफ्तरखान्यात बसले. तिथे साहेबाच्या कचेरीतली कच्च्या मसुद्यांची वही आहे. एरवीच्या मसुद्यांवर साहेबाची खाडाखोड आहे. अंगठ्याच्या महिन्यांत सगळं सेक्रेटरीच्या अक्षरात, आणि साहेबाने एक स्वल्पविरामसुद्धा हलवलेला नाही. इथे परतल्यावर डिपार्टमेंटच्या सेमिनारमध्ये मी हे वाचलं. माझ्या प्रोफेसरबाईंनी चष्मा काढून विचारलं, हे तुला सुचलं कसं? “आय जस्ट नोटिस्ड इट,” मी म्हणाले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. ओहायोमधल्या एका कॉलेजात मला नोकरी मिळते आहे ती याच प्रकरणाच्या जोरावर.

काल हे सगळं माझ्या रूममेटला सांगितलं. ती नागपूरची, इंजिनिअरिंगमध्ये पीएचडी करते. ती म्हणाली, “यार, किचनमध्ये बोललेलं कोण फूटनोटमध्ये साइट करतं? आणि प्रूफ तर तू शोधलंस ना? डिफेन्सच्या तोंडावर कशाला कॉम्प्लिकेट करतेस?”

“पण आयडिया सरांची होती.”

“मग सांगून टाक ना बाई. फक्त अशा फेऱ्या मारू नको, माझं डोकं दुखायला लागलंय.”

तशीच कॅम्पसची बस पकडून बाईंकडे गेले. वाटेत तीनदा वाटलं, उतरावं. नोकरी जाईल, लोक काय म्हणतील, सगळं मनात मांडून झालं होतं. बाईंनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, किती छान, एक तळटीप घाल. तुमचं काय काय छापलं आहे, विचारलं. काहीच नाही, म्हटलं. मग आता छापून येईल, म्हणाल्या. आधी का नाही सांगितलंस, असंही विचारलं. संकोच वाटला, असं मी उत्तर दिलं. दोन मिनिटांत आटोपलं. हलकं वाटायला हवं होतं.

वाटत नाही, कारण संकोचाची गोष्ट खोटी आहे. रविवारी परीक्षेचं सांगायला मी काकूंना फोन केला होता. विषय काय, विचारल्यावर थोडक्यात सांगितलं. त्या म्हणाल्या, “म्हणजे त्यांच्या साहेबाच्या अंगठ्याचं झालं का सिद्ध? हॉस्पिटलातसुद्धा त्यावरून हसायचे.” तोपर्यंत, सर, मला खरोखर वाटत होतं की ते मलाच सुचलं. सेमिनारमध्ये ते वाक्य बोलताना मी तुम्हाला लपवलं नाही. लपवलं असतं तर निदान तुम्ही माझ्या मनात असतात. तळटीप आता लिहून झाली आहे: ही गोष्ट प्रथम माझ्या सरांनी मला दाखवली. ती वाचणाऱ्याला वाटेल, हिने सरांचं बोलणं इतकी वर्षं जपून ठेवलं. तसं वाटावं म्हणूनच मी ती तशी लिहिली आहे.