चाळिसावं पान

१० जुलै २००६, चिचगड

आज बाबा मला इथे सोडून गेले. आमगावहून देवरी, तिथून दुसरी एसटी. खोली मला फार आवडली. प्रा. हुकुमचंद तुरकर सरांच्या अंगणात मागे ही एकटी उभी आहे. पूर्वी धानाची कोठी होती, म्हणून भिंती हातभर जाड. एक दार, एक खिडकी. खिडकीच्या चार गजांतून बोडी म्हणजे छोटं तळं, मोहाचं झाड आणि एसटीचा रस्ता दिसतो.

सरांनी तरुणपणी इंग्लंडहून एका जुन्या पोथीच्या छायाप्रती आणल्या होत्या. सर म्हणतात, चाळीस पानं. भाषा अँग्लो-नॉर्मन, म्हणजे नऊशे वर्षांपूर्वी इंग्लंड जिंकणाऱ्या सरदारांची फ्रेंच. कॉलेजात सरांनीच ती मला शिकवली. न्यायनिवाडा तिच्यात, कविता तिच्यात. शेतात राबणाऱ्याला स्वतःच्या खटल्यात काय बोललं गेलं तेही कळत नसे. हे ऐकून बाबा म्हणाले, तुझ्या आजाचंही तसंच झालं होतं, तू शिक. आमच्या घरात पदवी घेणारी मी पहिलीच. पंधरा ऑगस्टपर्यंत भाषांतर पुरं केलं, तर सर परदेशातल्या शिष्यवृत्तीसाठी शिफारस देणार आहेत.

ते उद्या डोळ्यांच्या ऑपरेशनसाठी नागपूरला निघतील. एकच बजावलं, डोळ्यांनी वाच, तोंडाने नको.

१३ जुलै

परवा आषाढी पौर्णिमा झाली. आमगावच्या विहारात वर्षावासाचं ग्रंथवाचन सुरू झालं असेल. दहावीपासून तिथे ग्रंथ मीच वाचत आले. बाहेर बसलेल्या बायांना ऐकू जावं म्हणून खिडकी उघडी ठेवायची, धरलेला ग्रंथ अर्धा सोडायचा नाही, आणि वाचन थांबलं की सगळ्यांनी तीनदा साधू म्हणायचं.

गप्प बसून या ओळी डोक्यात शिरेनात. दर थोड्या ओळींनी 'आता ऐका' येतं, म्हणजे कविता ऐकण्यासाठीच लिहिलेली. दुपारी खिडकी उघडली आणि दहा पानं मोठ्याने वाचली. गोष्ट एका खेड्यातल्या मुलीची. तिला ग्रंथांची ओढ. चर्चला लागून खोली बांधून तिला व्रतस्थ म्हणून आत चिणतात, एक खिडकी तेवढी ठेवतात. ती राजीखुशीने जाते, कारण एक कारकून रोज खिडकीशी येऊन वाचून दाखवणार असतो.

संपल्यावर सवयीने तीनदा साधू म्हणाले. स्वतःचंच हसू आलं.

सरांकडे स्वयंपाक करणारी दुलारीबाई भात घेऊन आली. म्हणाली, काऊन एवढ्यानं वाचून राहिली व बाई, बोडीतल्या बेडकांले शिकवतेस का?

१९ जुलै

वीस पानं झाली. साधू म्हणून गप्प बसले, तर भिंतीवर तीन टकटक. बाहेर जाऊन पाहिलं. चिखलात एकही पाऊल नाही.

२४ जुलै

खिडकीला गज तीनच आहेत. पुन्हा पुन्हा मोजले. बोडी दिसत नाही. दुलारीबाई म्हणते, खिडकी एवढीच तं होती, जाय तूबी सराच्या मांगं नागपूरले, डोळे दाखवाले.

२७ जुलै

वाचणं बंद केलं. बॅग भरली. टकटक मात्र थांबेना – तीन, तीन, तीन – आणि दार उघडेना. दुपारी दोनच गज उरले. घाबरून पोथी उघडली, वाचू लागले, तेव्हा थांबलं. वाचते तोवर भिंत हलत नाही. गप्प बसले की सरकते.

३० जुलै

दाराच्या जागी भिंत आहे. चुना ओला. जेवण खिडकीतून येतं. मला बाहेर काढ म्हणून दुलारीबाईचा हात धरला. तिने तो हळूच सोडवला. म्हणाली, तूच तं राजीखुशीनं आत बसली, पोरी.

२ ऑगस्ट

बाबा आले होते. खिडकी आता तळहाताएवढी. जीव तोडून हाक मारली, पण तोंडातून त्या परक्या ओळीच निघाल्या. बाबा हात जोडून ऐकत राहिले. डोळे पुसले. दुलारीबाईला म्हणाले, माझी पोरगी साहेबायच्या भाषेत बोलून राहिली. रविवारी येतो म्हणाले, आणि एसटीसाठी –

३ ऑगस्ट

एकोणचाळीस. चाळिसावं पान नाही. गोष्टीतला कारकून इथेच, वाचता वाचता उठून गेला. त्या चिणलेल्या मुलीला अर्धी ठेवून. टकटक आता आतून. माझ्या शेजारून.

४ ऑगस्ट

पोथी संपली म्हणून ही वही वाचून दाखवते आहे. पहिल्या तारखेपासून. वहीतलं वाचताना तेवढी माझी मराठी तोंडात येते. तिलाही कळते. बेडकांवर हसली.

आज शुक्रवार. कोरी पानं चार. लिहायचं, लगेच वाचायचं. रविवारपर्यंत पुरायला –

५ ऑगस्ट

बारीक लिहिते. बोटभर उजेड. तिचा खांदा –

६ ऑगस्ट

एसटीचा हॉर्न. बाबांचा खोकला. शेवटची ओळ त्यांच्यासाठीच राखली होती. लिहिते, वाचते – बाबा, मी आत आहे, भिंत फो