स्वार्कबी : लोकसंख्या अकरा

८ ऑक्टोबर

आमचं गाव काढून टाकणार आहेत!

म्हणजे खरंखुरं नाही, ऑनलाइन विश्वकोशातलं. कामावरून येऊन बघतो तर स्वार्कबीच्या पानावर पट्टी — ‘हे स्थळ उल्लेखनीय आहे का? शेजारच्या बार्नथॉर्पच्या पानात एका ओळीत विलीन करावे.’ खाली मॉल्टबी सरांची सही. सर आमच्या लिंकनशर प्रकल्पाचे प्रमुख. निवृत्त हेडमास्तर. काउंटीतलं गाव न् गाव, चर्च न् चर्च विश्वकोशात नीटनेटकं बसवायचं, हे आम्हा स्वयंसेवकांचं काम. मी शुद्धलेखन बघतो. सोळाव्या वर्षी शाळा सुटली, पण स्पेलिंगमध्ये कोणी माझा हात धरू शकत नाही.

दोन वर्षं दुसऱ्यांची गावं तपासली. आणि आता हे.

तीस तारखेपर्यंत चर्चा. मग निकाल.

९ ऑक्टोबर

शेजारच्या मिसेस स्क्रिमशॉंना सांगितलं. सांगायला नको होतं. सत्त्याऐंशी वर्षांच्या आहेत.

“शाळा नेली, पोस्ट नेलं, बस नेली,” म्हणाल्या. “आता राहिलं काय, नाव? तेही बार्नथॉर्पच्या खिशात? त्या घंटाचोरांच्या?”

“फक्त इंटरनेटवर हो.”

“फक्त म्हणे! माझी नातवंडं आणखी कुठे राहतात, राजा?”

मग त्यांनी कौन्सिलला फोन लावला. एरवी आमच्यासारखंच बोलतात. फोन हातात आला की थेट राजवाड्यातून! आवाजाला धार, प्रत्येक शब्द इस्त्री केलेला. मागे कचऱ्याची गाडी येईना, तेव्हा याच आवाजात ‘लेडी स्वार्कबीची सेक्रेटरी’ म्हणून बोलल्या होत्या. दुसऱ्या दिवशी दोन गाड्या आल्या.

या वेळी उपयोग नाही. विश्वकोशाला फोनच नाही.

१२ ऑक्टोबर

चर्चेत मतं पडताहेत. लेस्ली बाई (चर्चच्या पन्हाळींवर चाळीस पानं लिहिली आहेत) — ‘विलीन’. न्यूझीलंडच्या एका गृहस्थांचं मत — ‘विलीन. इंग्लंडला कधी गेलो नाही, पण नकाशावर मोठं करून पाहिलं.’

मी लिहिलं — गाव आहे. मी तिथे राहतो. खिडकीतून दिसतं.

मॉल्टबी सरांचं उत्तर — ‘खिडकी हा संदर्भ नव्हे.’

१४ ऑक्टोबर

लिंकनला प्रकल्पाची वार्षिक बैठक, पबमध्ये. नवा शर्ट घातला. लेबल काढायला विसरलो. लेस्ली बाईंनी सगळ्यांसमोर वाचून दाखवलं.

बारवरची मुलगी म्हणाली, वाटाणे संपले. लेस्ली बाईंनी तिला छापील मेनू दाखवला. त्यात वाटाणे होते. मुलीने आत जाऊन रिकामं पातेलं आणून दाखवलं, तरी बाईंचं समाधान होईना.

सरांना एका बाजूला गाठलं. म्हटलं, सर, माझा जन्म तिथला आहे.

“हीच तर अडचण आहे ना, मुला,” खांद्यावर हात ठेवून म्हणाले. “तू तिथला आहेस. तुझा हितसंबंध गुंतलाय. ज्याला स्वार्कबीबद्दल काहीच वाटत नाही, असा माणूस हवा.”

“पण सर, ज्याला काहीच वाटत नाही तो तिथे येईल कशाला?”

“उत्तम प्रश्न,” म्हणाले, आणि कोट घातला.

१७ ऑक्टोबर

एक संदर्भ सापडला! जुन्या व्हिक्टोरियन निर्देशिकेत — ‘स्वार्कबी. माती चिकण. मुख्य पीक घेवडा.’ सरांनी मान्य केला. आणखी एक हवा. छापील, स्वतंत्र, सविस्तर.

मिसेस स्क्रिमशॉंकडे चहाला गेलो, काही जुनं कात्रण मिळेल म्हणून. कात्रण नाही. घंटा मिळाली. आमच्या चर्चची घंटा बार्नथॉर्पवाल्यांनी चोरली, ती गोष्ट. मागच्या वर्षी ती क्रॉमवेलच्या काळात चोरली होती. ईस्टरला नेपोलियनच्या काळात. आज म्हणाल्या, त्यांच्या आजोबांनी पाठलाग केला, अनवाणी.

“अहो, पण नक्की कधी?”

“चोरली की नाही ते विचार. कधी ते त्यांना विचार, त्यांनी चोरली!”

मग प्लम ब्रेडवर, म्हणजे इकडच्या मनुक्यांच्या गोड पावावर, चीजचा तुकडा ठेवत विचारलं, “छापील म्हणजे रे काय? पेपर चालतो?”

“हेरल्ड चालेल. पण मी जुने अंक पालथे घातले. आपल्या गावाचं नाव येतं ते कोणी गेलं तरच. ते ‘आपली माणसं’ सदर असतं ना, त्यात. आणि तेही चार ओळी.”

“चार ओळी आपल्या त्या विल्फ्रेडला, मागे गेला तेव्हा. त्याने आयुष्यात केलं काय? डुकरं.”

मग हेरल्डचा अंक काढून तेच सदर वाचत बसल्या. चहा गार झाला तरी.

१९ ऑक्टोबर

विलीन — नऊ. ठेवा — एक. तो एक मी.

२१ ऑक्टोबर

ग्रिम्सबीला बहिणीकडे आलो. टॅमसिनला मुलगी झाली. घर रंगवून द्यायचं कबूल केलं होतं. कोबी पॅकिंगच्या शेडमध्ये काम करतो, तिथून रजा मिळाली. निघताना मिसेस स्क्रिमशॉ फाटकाशी आल्या.

“आहोत का अजून?” रोज हेच विचारतात.

“आहोत. तीस तारखेपर्यंत.”

“आणि तू परत कधी?”

“दोन तारखेला.”

“बरं झालं,” म्हणाल्या. यात बरं काय झालं, कळलं नाही. कागदात बांधलेला प्लम ब्रेड दिला आणि गालाला हात लावला. हात असा कधी लावत नाहीत.

२६ ऑक्टोबर

मिसेस स्क्रिमशॉ गेल्या.

हेरल्डच्या साइटवर वाचलं. हातात रंगाचा ब्रश. टॅमसिन म्हणाली, गालिचा, गालिचा! मला ऐकूच आलं नाही.

त्या दिवशीचा तो हात.

२७ ऑक्टोबर

आज नीट वाचलं. ‘आपली माणसं’ — अख्खं अर्धं पान! त्यांच्या भाचीने वार्ताहराला फोनवर सगळं सांगितलं म्हणे. भाची आहे हे मला माहीतच नव्हतं. एनिड स्क्रिमशॉ, स्वार्कबीच्या. बाईंबद्दल थोडं आणि गावाबद्दलच सगळं — शाळा, जत्रा, पूर, ओढ्यावरचा पूल. आणि घंटा. ही चौथीच आवृत्ती, यात एक बिशपही आहे. शेवटी — ‘अंत्यविधी खाजगी. फुले पाठवू नयेत, त्यांना शेवंती सहन होत नसे. शेजारच्या रोवन ऑडलिनवर त्यांची माया होती. त्याच्याइतके शुद्ध लिहिणारा उभ्या काउंटीत नाही.’

माझं आडनाव ऑडलिंग. ग राहिला. पहिल्यांदाच चूक दिसूनही दुरुस्त करावीशी वाटली नाही.

टॅमसिनने जवळ घेतलं. “नुसती शेजारीण होती ना रे ती?” म्हणाली. मी म्हटलं, हो, शेजारीणच.

२८ ऑक्टोबर

विचार करत बसलो — शोभतं का हे? मेलेल्या माणसाचा संदर्भ म्हणून उपयोग? पण त्यांनीच विचारलं असतं, आहोत का अजून.

चर्चेत दुवा टाकला. तासाभरात मॉल्टबी सर — ‘अप्रतिम संदर्भ. छापील, स्वतंत्र, सविस्तर. माझे मत बदलतो. कै. स्क्रिमशॉ यांच्याशी आधीच संपर्क झाला असता तर बरे झाले असते.’

आधी! आधी त्या जिवंत होत्या. तेव्हा त्या संदर्भ नव्हत्या.

३० ऑक्टोबर

ठेवलं! स्वार्कबी राहिलं. दहा विरुद्ध शून्य. न्यूझीलंडच्या गृहस्थांनी शोक व्यक्त केला.

घंटेचा स्वतंत्र परिच्छेद झाला, बिशपसकट, तळटीप देऊन. मी फोनवर हळूच म्हटलं, सर, ही गोष्ट बाई दर वेळी वेगळी सांगायच्या. सर म्हणाले, “त्या सांगायच्या ते ऐकीव. हे छापील आहे.” बार्नथॉर्पच्या पानावर भांडण पेटलंय.

मग सरांनी आठवण करून दिली — गावाची लोकसंख्या अकराची दहा करायला हवी, संदर्भ आहेच. ते काम मी मागून घेतलं. परक्या माणसाने करू नये. एक आकडा बदलायला अर्धी दुपार लागली.

२ नोव्हेंबर

घरी आलो. फाटकाशी मिसेस स्क्रिमशॉ. हातात कचऱ्याची पिशवी.

त्यांनी मला भिंतीवर बसवलं आणि थेट राजवाड्यातल्या आवाजात म्हणाल्या, “माझी मावशी फार सोशीक बाई होती हो.” मग आपल्या आवाजात — “आहोत का अजून?”

“गाव आहे,” मी म्हटलं. “तुम्ही नाही.”

“चालेल,” म्हणाल्या.

पान उघडून बसलोय. लोकसंख्या दहा. बाई समोर शेजारच्या अंगणात कपडे वाळत घालताहेत, मला खिडकीतून दिसताहेत. पण खिडकी हा संदर्भ नव्हे.

दहाच ठेवली.