पोडावरचं पाणी

लातूर,
चैत्र शुद्ध पंचमी

तीर्थरूप दानम्माअक्का,

धाकट्या रेवणसिद्धाचा तुला शरणु शरणार्थी आणि साष्टांग नमस्कार. (आठ अंगांपैकी तूर्त कपाळ आणि दोन हात तेवढे पाठवतो आहे. बाकीची तेल चोळून ठेवली आहेत, वाकायला लागली की स्वतः घेऊन येतो.) तुझा गुडघा कसा आहे? दाजींचा खोकला उतरला का? त्यांना म्हणावं, तपकीर ओढायची आणि खोकल्याला उदगीरच्या धुळीची बदनामी करायची, हे काही बरं नाही.

आम्ही सगळे खुशाल आहोत. खुशाल म्हणजे नळाला पाणी येईल त्या दिवशी गल्ली भांडते आणि येणार नाही त्या दिवशी गल्ली एकजूट होऊन नगरपालिकेला शिव्या देते. जिल्हा होऊन अजून वर्ष झालं नाही, पण पाट्या लागल्या, कचेऱ्या लागल्या, साहेबलोक आले, त्यांचे शिपाई आले. पाणी तेवढं यायचं राहिलं. ते बहुधा अजून उस्मानाबादेतच आहे, बदलीचा हुकूम मिळाला नसावा.

आता मुद्द्याचं लिहितो. मल्लिकार्जुनाच्या बायकोनं तुला कळवलंच असेल की रेवणसिद्ध किनवटच्या डोंगरात पडला आणि एका कोलाम बाईसमोर धाय मोकलून रडला. दोन्ही खरं आहे. पण तिच्या सांगण्यात मी पडलो म्हणून रडलो, आणि ते साफ खोटं आहे. तुला खरी हकिकत कळावी म्हणून हा पत्रप्रपंच.

सगळ्याच्या मुळाशी डॉक्टर आहे. त्यानं माझ्या पोटावर बोटं वाजवून पाहिली, आपण कलिंगड घेताना पाहतो तशी, आणि म्हणाला, चालत जा. कुठं ते सांगितलं नाही. ते मल्लिकार्जुनानं ठरवलं. (माझ्या दुकानाशेजारी त्याचं कापडाचं दुकान आहे हे तुला ठाऊक आहे. दुष्काळात कापड खपत नाही, म्हणून त्याला फिरायला फुरसत आहे.) किनवटला पंचशीला वाघमारे नावाच्या एक शाळामास्तरीण आहेत. शाळेला सुट्टी असली की त्या लोकांना डोंगर दाखवायला नेतात. सकाळी निघायचं, जंगल, तांडे, कोलामांचे पोड बघत संध्याकाळी परत. कोलाम आदिवासी आपल्या वस्तीला पोड म्हणतात. मल्लिकार्जुन म्हणाला, गार हवा आहे, धबधबा आहे. मी धबधबा हा शब्द ऐकला आणि थैली भरली. नळाखाली घागर लावून बसलेल्या माणसाला धबधबा म्हटल्यावर काय होतं ते तू समजू शकतेस.

लातूरहून नांदेडला एस.टी., तिथून पुढं छोट्या लाइनची गाडी, रात्री किनवटला मुक्काम. सकाळी मॅडम आल्या. सडपातळ बाई, पायात कॅनव्हासचे बूट, गळ्यात शिट्टी. आमच्या पायांकडे पाहून त्यांनी डोळे मिटले. मल्लिकार्जुनानं लग्नातले पंप शू घातले होते, आणि मी चपला. मॅडम एवढंच म्हणाल्या, "पाय तुमचे हायेत, मी काय म्हणू?" पण चालताना पाहिलं, दर वळणावर त्या थांबून मागं बघत होत्या. शाळेतल्या सवयीनं असेल, पण मला आपलं कुणीतरी आहे असं वाटून फार बरं वाटलं.

डोंगर मात्र अक्का, बघण्यासारखा! पळस असा फुललेला की दुष्काळ पडलाय हे त्याला कुणी कळवलंच नसावं. मोहाखाली बायका फुलं वेचत होत्या आणि सगळ्या रानाला गोड वास सुटला होता. धबधबाही पाहिला. म्हणजे एक उंच काळा कडा होता, त्याच्याकडे बोट करून मॅडम म्हणाल्या, पाणी इथून पडतं. आम्ही भक्तिभावानं वर बघत राहिलो. मल्लिकार्जुनानं तर तुषारांच्या भीतीनं घड्याळ काढून खिशात ठेवलं.

पुढं बंजाऱ्यांचा तांडा लागला. तिथल्या एका म्हातारीनं बाजेवर बसवलं आणि आम्ही कुठले ते विचारलं. मल्लिकार्जुन उभा राहून म्हणाला, "जिल्हा लातूर!" म्हातारी म्हणाली, "म्हंजी उस्मानाबादकडलं का?" त्याचा चेहरा तू पाहायला हवा होतास. नवा जिल्हा कसा झाला, कोणते तालुके आले, हे तो तिला समजावून सांगत असताना मी तिनं दिलेलं ताक प्यालो. मग त्याच्या वाटचंही प्यालो. ही ताकाची गोष्ट ध्यानात ठेव, पुढं याच ताकानं माझा घात केला.

तांड्याच्या मागची टेकडी ओलांडली की पोड. चढताना मॅडम मला ढकलत होत्या. उतरताना चपलांनी दगा दिला, म्हणून मी बसून उतरलो. मॅडम म्हणत होत्या, उभे राहा, आणि मी म्हणत होतो, राहिलो असतो हो! बाभळी, बोरी, करवंदी, ज्या ज्या काटेरी झाडांची नावं त्यांनी सकाळपासून सांगितली होती, त्यांची मी एकेक करून भेट घेतली. सदरा फाटला. खाली पोचलो तेव्हा धोतराचा मागचा भाग डोंगरानं ठेवून घेतला होता.

पोड म्हणजे बांबूच्या तट्ट्यांना माती लिंपून केलेली थोडीशी घरं आणि मधोमध चावडी. तिथं आमचं जेवण सांगून ठेवलं होतं. जंगूबाई आत्राम म्हणून पोडाच्या नाइकाची बायको. आम्ही शाकाहारी म्हणून तिनं ज्वारीच्या कण्या, तुरीचं वरण आणि ठेचा केला होता. तिनं आधी पाणी पुढं केलं. अक्का, ते पाणी कसं आलं होतं ऐक. नाला आटलेला. वाळूत खड्डा करायचा, पाणी झिरपायची वाट बघत बसायचं आणि वाटीवाटीनं घागर भरायची. त्यातला एक भरला तांब्या तिनं माझ्यापुढं धरला.

मी हात पुढं केला आणि सवयीनं दुसरा हात छातीवर नेला. छातीवर काही नव्हतं. शिवदाराचा दोरा तुटला होता. करडगीच्या चांदीच्या डबीसकट माझं इष्टलिंग डोंगरात कुठंतरी पडलं होतं.

मला तूच शिकवलंयस ना, अक्का, की लिंग अंगावर नसेल तर अन्नाचा कण नाही, पाण्याचा थेंब नाही? अप्पा गेले त्या वर्षी तूच माझा जुना दोरा बदललास. काही सुचेना. तोंडातून एवढंच निघालं, "नको. मला पाणी चालत न्हाई."

जंगूबाईनं तांब्या मागं घेतला. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता गं, राग असता तर बरं झालं असतं. असं काही पूर्वीही झालंय आणि पुन्हा झालं, अशी ती दिसत होती. आणि पंचशीला मॅडमनी माझ्याकडे असं पाहिलं की त्यापेक्षा मी पुन्हा त्या टेकडीवरून बसून उतरलो असतो. तांड्यावर मी ताक ढोसताना त्यांनी पाहिलं होतं. आता इथं आल्यावर पाणी चालत नाही म्हणजे काय, हे त्यांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

मी म्हणालो, तसं नाही हो. त्या म्हणाल्या, "तसं न्हाई असंच समदे म्हणतेत." मी म्हणालो, आमच्यात असतं. त्या म्हणाल्या, "ठाव हाय तुमच्यात काय असतंय ते." मी जितकं बोलू जावं तितका चिखलात रुतू लागलो. मल्लिकार्जुन मदतीला धावला आणि म्हणाला, यांच्या अक्काचं सोवळं फार कडक आहे! (याचा सूड मी त्याच्या दुकानातून उधारीवर धोतर घेऊन उगवणार आहे.) मॅडम उठल्या. म्हणाल्या, चला, आता निघू.

तेव्हा मला रडू कोसळलं. लिंग गेलं म्हणून, तहान लागली म्हणून, आणि ज्या बाईनं मला डोंगरावर ढकलत चढवलं तिच्या नजरेतून मी उतरलो म्हणूनही. सदऱ्याची फाटकी बाजू दूर करून मी जंगूबाईला उघडा गळा दाखवला आणि म्हणालो, "माझा देव पडला, बाई."

ती एकदम समजली. तिनं तिच्या बोलीत काहीतरी मोठ्यानं सांगितलं, आणि चावडीतली माणसं उठली, चुलीपुढच्या बायका उठल्या. नाईक मला म्हणाला, पाव्हणा उपाशी असला तं पोडात कोनी जेवत न्हाई, आमच्यात असंच हाय. तेव्हा मला कळलं की माझ्या एका रिकाम्या गळ्यापायी अख्खा पोड उपाशी आहे. त्यांची रीत आणि माझी रीत अशा समोरासमोर बसल्या की जेवायला कुणीच मोकळं नाही आणि वरण मात्र निवतंय!

सगळा पोड टेकडीवर पसरला. मी कुठून आलो हे शोधायला काही अडचण नव्हती. मी बसून उतरलो होतो तिथं बैलगाडी जाईल एवढी वाट झाली होती. लोक हसत होते आणि शोधत होते. मला हसण्याचंही वाईट वाटत नव्हतं, कारण उन्हात रिकाम्या पोटी माझ्यासाठी काटे उपसायचे आणि वर हसायचंही नाही, एवढी अपेक्षा मी तरी करणार नाही.

मग वरून शिट्टी वाजली. मी हातापायांवर चढत गेलो. करवंदीच्या जाळीत करडगी अडकली होती आणि मॅडम भर उन्हात तिच्याजवळ उभ्या होत्या. हात लांबवला तर पोचेल इतक्या जवळ. पण त्यांनी ती उचलली नव्हती. म्हणाल्या, "मी हात लावला तर तुमाला चालंल का न्हाई, ठाव नव्हतं. म्हणून राखण करून राहिले."

अक्का, त्या दिवशी मला इतके काटे बोचले, पण हा एकच अजून निघालेला नाही. मी अपमान केला असं ज्या बाईला वाटत होतं, ती माझ्या देवाची उन्हात राखण करत उभी होती. बसवण्णांनी आपल्या गळ्यात लिंग बांधलं ते कुणाला असं लांब उभं करण्यासाठी का? मी म्हणालो, मॅडम, तुम्हीच काढा. मी वाकलो तर जाळीत पडेन. त्यांनी ते अलगद काढलं, पदरानं धूळ पुसली आणि माझ्या ओंजळीत ठेवलं. पडेन हे खरंच होतं, पण ते काही कारण नव्हतं, हे तुला सांगतो.

खाली आल्यावर जंगूबाईनं न मागता वाटीभर पाणी पूजेला दिलं. वाळूतल्या त्याच झऱ्याचं. मी लिंगाला पाणी घातलं, भस्म लावलं, मग तो तांब्या तोंडाला लावला आणि अर्धा एका दमात संपवला. (अर्धाच. पाणी कुठून आलं होतं ते विसरलो नव्हतो.) मग पोड जेवला. मीही जेवलो, आणि कसा जेवलो ते डॉक्टरला कळवू नकोस. ठेचा असा होता की मी दुसऱ्यांदा रडलो. मल्लिकार्जुनाची बायको सांगते ते रडणं बहुधा हेच असावं.

त्या माणसांचे उपकार मी कुठल्या तोंडानं मानू? परतताना जंगूबाईनं तिच्या हातची बांबूची टोपली दिली. ती आता देवघरात फुलांसाठी ठेवली आहे. दाजींना नमस्कार, लेकरांना आशीर्वाद, तुझ्या पायांवर डोकं.

तुझा,
रेवणसिद्ध

ता. क. लातुरात पाण्याची ही अशी तऱ्हा, म्हणून माझ्या लेकीचं, आपल्या शिवगंगेचं, लग्न वैशाखात तुझ्या अंगणात करायचं ठरलंच आहे. तुझ्या विहिरीला देव पाणी ठेवो. या लग्नाचं आमंत्रण मी पोडाला देऊन आलोय. सगळ्यांना नाही. (सगळ्यांनाच.)

आणखी एक ता. क. आमंत्रण पंचशीला मॅडमनाही दिलं. त्यांनी लगेच हो म्हटलं नाही. गाडीची वाट बघताना सांगत होत्या की त्यांच्या आजीला विहिरीपाशी ओंजळ धरून उभं राहावं लागे, आणि लोक वरून पाणी ओतत. हे त्यांनी रागानं नाही सांगितलं, नुसतं सांगितलं. मग विचारलं, "तुमच्या अक्कांना चालंल का?" मी दिवसभर तुझ्याबद्दल काय काय बोललो असेन देव जाणे! तेव्हा अक्का, तुझ्या स्वयंपाकघरातल्या तांब्याच्या घागरीला तू सुनांनासुद्धा हात लावू देत नाहीस. त्या घागरीतलं पाणी त्या दिवशी पहिल्या पंगतीला तुझ्या हातानं वाढशील का? रागावलीस तर मला रागाव, मी तिथंच उभा असेन.

शेवटचा ता. क. मॅडमना मी काय उत्तर दिलं ते सांगायचं राहिलं. मी म्हणालो, अक्का स्वतः पत्र टाकेल. म्हणून सोबत एक पोस्टकार्ड जोडलं आहे. पत्ता मी घातलाय, दुसरी बाजू कोरी आहे.