न दिसलेले पंचावन्न चेंडू

नोव्हीब्रोद, आयोवा
९ मे

चि. विनीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र सोमवारी पोचलं. अक्षर अजून तसंच, सिस्टर अ‍ॅलॉयशिअसनं बोटांवर पट्टी मारून वळण लावलेलं. माझं मात्र संधिवातानं वाकडं झालंय, समासाकडे बघू नकोस. एल्मरच्या खुब्याचं ऑपरेशन नीट झालं. तो काठी घेऊन स्वयंपाकघरापर्यंत येतो आणि मी भांडी चुकीची लावते असं सांगून परत जातो, म्हणजे बरा होतोय.

आता पपांचं. तू नाताळात पपांना घरबसल्या बेसबॉल बघायची ती वर्षभराची भेट दिलीस. देशातले सगळे सामने, असं पाकिटावर मोठ्या अक्षरांत होतं. एप्रिलपासून आम्ही रोज लावतोय. फ्लॉरिडाचा सामना दिसतो, न्यू यॉर्कचा दिसतो. पण शिकागोचे दोन्ही संघ, मिनेसोटा, मिलवॉकी, सेंट लुईस आणि कॅन्सस सिटी यांपैकी कुणी खेळत असलं की पडदा काळा. आपल्या राज्यात मोठा संघच नाही, म्हणून भोवतालच्या या सहाही जणांनी आयोवा आमचं म्हणून ठेवलंय. म्हणजे आम्ही म्हणे त्यांचे घरचे प्रेक्षक. घरच्यांनी मैदानावर यावं नाहीतर त्यांचं खास चॅनेल बघावं. कॅन्सस सिटीचं मैदान इथून सहा तासांवर आहे आणि ते चॅनेल आपल्या गावात कुणाकडेच येत नाही. दोन घरचा पाहुणा उपाशी म्हणतात. आम्ही तर सहा घरचे.

एरवी मी गप्प बसले असते. पण आपल्या गावचा टोबी क्रेमर यंदा खालच्या संघातून कॅन्सस सिटीच्या मोठ्या संघात जाईल असं सगळे म्हणतात. नऊ वर्षांचा असताना त्याला चर्चमागच्या मैदानात पपांनीच चेंडू टाकायला शिकवलं. तो टाकणार आणि पपा कॅचर होऊन फलंदाजामागे उकिडवे बसून झेलणार. चेंडू येण्याआधी, कोणता टाकायचा ते सांगणारी पपांची दोन गुडघ्यांमधली बोटं: एक म्हणजे वेगवान, दोन म्हणजे वळणारा. आता अठ्ठ्याऐंशीव्या वर्षीही ते टीव्हीसमोर बसून प्रत्येक चेंडूआधी तशीच बोटं दाखवतात, बघितलंयस तू. टोबीच्या पहिल्या सामन्याला आपणच खुणा द्यायच्या असं त्यांनी मनाशी धरलंय. रेडिओवर लागतो, पण त्यांना आता चर्चची घंटासुद्धा ऐकू येत नाही. दुसऱ्या दिवशी तोच सामना दाखवतात, असं मी पाटीवर लिहून दिलं. तर म्हणाले, टाकून झालेल्या चेंडूला खूण कसली देऊ, लोरेटा.

तू त्या कंपनीशी जरा बोल. तुला भांडता येतं.

माझ्यावर माया आहे तशीच राहू दे.
तुझी,
लोरेटाताई


सेलम, ओरेगन
१६ मे

ती. लोरेटाताईस,
कृ. सा. न. वि. वि.

भांडता येतं हे तू कौतुकानं लिहिलंस असं मी धरून चालते. एल्मरभावोजींना म्हणावं, भांडी ताईच नीट लावते, लहानपणी तिच्यासारखी जमली नाहीत म्हणून मला मार बसलाय.

मी कंपनीला फोन केला. चाळीस मिनिटं गाणी ऐकल्यावर एक मुलगी आली. आवाज गोड होता. तिनं नियम समजावला, की जवळच्या लोकांनी घरी बसून बघितलं तर मैदानं ओस पडतील. मी विचारलं, की अठ्ठ्याऐंशी वर्षांचा बहिरा म्हातारा मंगळवारी संध्याकाळी सहा तास गाडी हाकत जाईल असं तिच्या साहेबांना खरंच वाटतं का. ती म्हणाली, तिला माझा त्रास समजतोय. हे तिनं तीनदा सांगितलं. मी म्हटलं, बाई, समजला असता तर एकदाच सांगितलं असतंत. मग तिनं मला साहेबाकडे दिलं आणि साहेबाला माझा त्रास समजायला लागला.

पत्ता बदलून माझा इथला टाकून बघितला. उपयोग नाही. तुम्ही कुठे बसलाय ते तारेवरूनच त्यांना कळतं. आपल्या सिस्टरांनाही वर्गाबाहेरून कळायचं, पण त्या निदान आपल्याला जेवायला सोडायच्या.

ताई, मला इतका राग आलाय की मी आख्खी कुंपणाची मेंदी छाटून काढली. बहुतेक स्टब्जच्या बाजूचीही. तो शेजारी, ज्याच्या कुत्र्यानं माझे गुलाब उकरले. चार वर्षं आम्ही बोललेलो नाही, आता कारण त्याच्याकडेही आहे.

पण मला एक सुचलंय. इथे ओरेगनमध्ये कॅन्सस सिटीचा सामना स्वच्छ दिसतो, मी काल लावून बघितला. ते आपल्यापासून फार लांब, त्यांचा इथे हक्क नाही. पपांना इकडे पाठव. टोबी वर येईपर्यंत राहू देत. सामना पपांकडे येत नसेल तर पपांना सामन्याकडे नेऊ.

उत्तर लवकर दे, आणि राग आला तरी लोभ कमी करू नकोस.
तुझी,
विनी


नोव्हीब्रोद
२७ मे

चि. विनीस,
अनेक आशीर्वाद.

पपा तयार झाले. मला वाटलं होतं नाहीच म्हणतील. आई गेल्यापासून ते पंचवीस मैलांच्या पलीकडे गेलेले नाहीत. पाटी वाचली, चष्मा पुसला, पुन्हा वाचली, आणि म्हणाले, विनीकडे लाकडी खुर्ची आहे ना, त्या कोचावर बसून कॅचरला काम करता येत नाही.

फादर डोनेक ८ जूनला पोर्टलंडला सभेसाठी येतायत. ते विमानात बरोबर असतील आणि तुझ्या हाती सोपवतील. मला येता येत नाही, भावोजी तुझे अजून जिना उतरत नाहीत. पपांना मीठ कमी. सकाळची गोळी पांढरी, रात्रीची गुलाबी. रागावले की ऐकू न येण्याचा फायदा घेऊन डोळे मिटतात, तेव्हा पाटी हातात देऊन उपयोग नसतो, हातावर थोपट. खसखस भरलेले गोड पाव, आपले कोलाचे, डब्यात देतेय, त्यातले दोन त्यांना, बाकी तुला. ते उलट सांगतील.

काल त्यांची बॅग भरताना खाली जुना कॅचरचा हातमोजा सापडला. मी काढून ठेवला, त्यांनी परत घातला. असं दोनदा झालं. मग मी हरले.

सांभाळून ने ग. ही एवढी एकच गोष्ट त्यांनी मागितली आहे. आणि मला लिहीत राहा, तुझ्या पत्राशिवाय चहा गोड लागत नाही.
तुझी,
लोरेटाताई


सेलम
१३ जून

ती. लोरेटाताईस,
कृ. सा. न. वि. वि.

फोनवर मला बोलता आलं नाही, मी ठेवून दिला, त्याबद्दल माफ कर. सगळं लिहिते.

रविवारी जाहीर झालं, की टोबीला वर घेतलंय आणि मंगळवारी तो मोठ्या संघाकडून पहिला चेंडू टाकणार, सिॲटलच्या मैदानावर. पपांनी ते छापलेलं वाचलं आणि माझ्या हातचं सूप, जे त्यांना आवडत नाही, ते दोनदा घेतलं. काल संध्याकाळी सहालाच चर्चचा शर्ट आणि टाय घालून ते लाकडी खुर्चीत बसले. बाहेर चांगलं ऊन होतं. मी पडदे ओढले, काच चमकू नये म्हणून.

सात वाजता मी लावलं. काळा पडदा. मधे पांढरी ओळ, की तुमच्या भागात हा सामना उपलब्ध नाही.

ताई, ओरेगन सिॲटलचं आहे. सिॲटल दुसऱ्या राज्यात, माझ्या घरापासून चार तासांवर, पण ओरेगन त्यांचं. कॅन्सस सिटी इथे दिसते हे मी तपासलं होतं. समोर कोण खेळतंय ते बघायचं असतं हे माझ्या डोक्यातच आलं नाही. आयोवात वाढलेल्या बाईच्या डोक्यात. सिॲटल हे नाव मी रविवारपासून दहादा वाचलं असेल आणि दहाही वेळा मला फक्त टोबी दिसला.

पपांनी विचारलं, टीव्ही बिघडला का. मी पाटीवर लिहिलं, ओरेगन सिॲटलच्या हक्कात येतं. त्यांनी सावकाश वाचलं आणि विचारलं, कुणी दिलं त्यांना.

मी कंपनीला फोन लावला. गाणी सुरू झाली. तसाच टेबलावर ठेवला आणि स्टब्जकडे गेले, त्याच्या छपरावर डिश आहे, तिच्यावर सिॲटलचं खास चॅनेल येत असणार. तो हातात काटा घेऊन दारात आला. चार वर्षांतलं माझं पहिलं वाक्य असं होतं, की माझ्या वडिलांना तुमचा टीव्ही हवाय. तो म्हणाला, कुत्रा आत आहे, म्हाताऱ्याला भीती वाटत नसेल तर आण, तुझं काय ते तू बघ.

पपांना चप्पल शोधायला, अंगणातून न्यायला, तीन पायऱ्या चढवायला वेळ लागला. त्यांनी घाई केली नाही ग. मीच ओढत होते. पोचलो तेव्हा तिसरा डाव चालू होता, तिन्ही तळांवर सिॲटलचे गडी उभे, आणि कोपऱ्यातल्या आकड्यानुसार टोबीचे पंचावन्न चेंडू टाकून झालेले.

आम्ही सहा बघितले. पपा कोचाच्या अगदी कडेला बसले, हात गुडघ्यांमधे. एक, दोन, दोन, एक, एक, दोन. सहावा त्या फलंदाजानं भिंतीपर्यंत मारला आणि तळांवरचे तिघेही धाव पूर्ण करून आले. मग प्रशिक्षक चालत मैदानात गेला आणि त्यानं टोबीच्या हातातून चेंडू घेतला. टोबी मान खाली घालून निघाला. पपांची दोन बोटं अजून तशीच होती. स्टब्जला काय करावं सुचेना, त्यानं बिचाऱ्यानं आवाज मोठा केला.

घरी येताना पपा म्हणाले, पोराचा खांदा लवकर उघडतोय, चेंडू सुटायच्या आधीच फलंदाजाकडे वळतोय. पहिल्या डावापासून उघडत असणार. मी पहिल्या तीन चेंडूंत ओळखलं असतं, वेळीच खूण केली असती. मी पाटी काढली होती. ओळखलं असतंत तरी इथून त्याला कसं कळलं असतं, असं लिहिणार होते. नाही लिहिलं. पाटी तशीच काखेत धरून चालत राहिले.

परत आले तर फोनवर एक मुलगा हॅलो हॅलो म्हणत होता. मी त्याला काय बोलले ते पत्रात लिहिण्यासारखं नाही. माझ्या तोंडून असे शब्द कॉन्व्हेंटच्या भिंतींनी कधी ऐकले नसतील. त्याला माझा त्रास समजला.

आज सकाळी बातमी आली, टोबीला परत खालच्या संघात, ओमाहाला धाडलंय. मी पपांना हे दाखवायला आणलं होतं.

तू रागावणार नाहीस हे माहीत आहे, म्हणूनच जास्त लागतं. लोभ असू दे, आज फार गरज आहे.
तुझी,
विनी


नोव्हीब्रोद
२० जुलै

चि. विनीस,
अनेक आशीर्वाद.

पुन्हा पुन्हा माफी मागू नकोस. राग काढायचाच असेल तर योग्य माणसांवर काढ, आपल्यात वाटून संपवू नकोस. आणि स्टब्जला मी कोलाचे पाठवलेत, ते त्यालाच दे.

पपा बरे आहेत. इकडे आल्या आल्या त्यांनी टोबीला दोन पानी पत्र लिहिलं, खांद्याबद्दल, चित्रासकट. पाचव्या दिवशी त्याचं उत्तर. लिहिलं होतं, की सर, हे मला कुणीच सांगितलं नव्हतं. आणि खाली, की ओमाहाचे सामने तुम्हाला घरी बघता येतील, खालच्या संघांवर कुणी हक्क सांगत नाही.

मी लावलं. आणि विनी, दिसलं. आयोवात, आपल्या बैठकीत, टोबी. तेव्हापासून दर पाचव्या दिवशी, टोबीची टाकायची पाळी असते तेव्हा, पपा टाय लावून लाकडी खुर्चीत बसतात आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत प्रत्येक चेंडूला खूण देतात. सामना झाला की पत्र, पोराचं उत्तर, पुढचा सामना. टोबी चार सामने ओळीनं जिंकलाय. पपांचा रंग बदललाय ग. मीठ कमी आहे अशी तक्रारसुद्धा करत नाहीत.

आता पेपरात आलंय, की असाच खेळला तर सप्टेंबरात त्याला कायमचा वर घेतील. बेकरीवाल्यानं काचेवर त्याचा फोटो लावला. टोबीची आई चर्चबाहेर मला मिठी मारून रडली. आणि मी तिच्या खांद्यावरून मोजत होते, की सप्टेंबरपर्यंत पाचव्या दिवसाचे किती सामने उरले.

मी पाटीवर पपांना लिहिलं, तो वर गेला की तुम्हाला दिसणार नाही. मी लहानपणी चोरी करताना सापडले होते तेव्हा बघितलं होतं, तसे ते माझ्याकडे बघायला लागले. म्हणाले, मला दिसावं म्हणून पोरानं खाली राहायचं का.

त्यांना मी सांगितलं नाही, तुला सांगते. मंगळवारी जपमाळ ओढताना माझ्या लक्षात आलं, की तिसऱ्या मण्यापासून मी एकच मागतेय. टोबीचा हात थोडा दुखू दे. फार नाही. सप्टेंबर निघून जाईल इतका. सदुसष्ट वर्षांची बाई, त्या मुलाला मी पहिल्या कम्युनियनला मेणबत्ती दिली होती, आणि मी देवाला त्याचा हात दुखवायला सांगत होते. माळ ठेवून उठले आणि विहिरीवर पाणी काढायला गेले.

फादर डोनेकना पापकबुलीत सांगितलं. त्यांनी टोबीसाठी रोज एक माळ सांगितली, ती करतेय, खऱ्या मनानं करायचा प्रयत्न करतेय. मग ते म्हणाले, ज्यांच्यावर राग आहे त्यांच्यासाठीही एक करा. त्या सहा घरांसाठी आणि त्या कंपनीसाठी. सिस्टर अ‍ॅलॉयशिअसनंही हेच सांगितलं असतं.

मी फादरना हो म्हटलं. पण ज्यांनी माझ्या तोंडून हे मागणं काढलं त्यांच्यासाठी मी करणार नाही. माझ्या वाटची तू कर, विनी. आणि जमली नाही तर मला कळवू नकोस.

तुझी माया असो, माझी आहेच.
तुझी,
लोरेटाताई