न फोडलेला नारळ

रत्नागिरी, रविवार, ११ डिसेंबर १९८३

सहलीची बस संध्याकाळी परतली. परवा सुधाला ऑपरेशनसाठी मुंबईला न्यायचंय; त्याआधी जयगड बघायचा हट्ट तिचाच. गाइड किल्ला, खाडी, दीपगृह दाखवत होता, माझं लक्ष तिच्या हातातल्या नारळाकडे. किल्ल्यातल्या गणपतीला ती आमच्या मुलीच्या लग्नाचा नवस बोलणार होती. बस सुटली, तरी नारळ मांडीवरच.

"विसरलीस काय गो?"

"नाही. नुसता नमस्कार केला."

"आणि नवस?"

समुद्राकडे बघत म्हणाली, "तो फेडायला परत यावं लागतं ना."

मग मी का नाही बोललो नवस? बस थांबवता आली असती. पण मी बोललो असतो, तर तिचं म्हणणं मान्य केल्यासारखं झालं असतं.

नारळ आता फळीवर आहे. उद्या आमटीला घेते म्हणाली. मी नको म्हटलं.