सूसैच्या वाट्याचं पाणी

मेलकावेरी, ३ फेब्रुवारी १९५४
अंगाची सालं अजून निघताहेत. सौ.नं ताक पुढं ठेवलं, त्यालाही खारट वास. शी! विकायला नेलेले माझे पितळी दिवे समुद्राच्या तळाशी गेले, जाऊ देत. पण कोडिक्करैच्या वाटेवर होडीचं शीड फाटलं आणि सूसै नावाडी, मी अन् तो गुळगुळीत बोलणारा उतारू, तिघं परके, लाट नेईल तिकडं... पुरे.

५ फेब्रु.
झोप नाही. म्हातारा सूसै करवंटीत पाणी ओतून आधी आम्हाला विचारायचा, "तण्णी वेणुमा?" पाणी हवं का? स्वतः शेवटी. मग तापानं पडला. उतारू त्याचं डोकं मांडीवर घेऊन तमिळमध्ये धीर द्यायचा. आणि आभाळाकडं बघत, या तमिळ मुलखात चक्क आमच्या घरच्या मराठीत: "विठ्ठला, म्हाताऱ्यास आज ने. त्याचें पाणी मज पावूं दे." कुणाला कळणार, ही खात्री! सूसैच्या वाट्याची करवंटी त्यानं स्वतःच्याच घशात रिकामी केली. पहाटे सूसै गेला. दुपारी गलबत दिसलं. माझी जीभ टाळूला चिकटलेली.

९ फेब्रु.
भजनाला गेलो तर तोच उतारू, टाळ वाजवतोय! सौ.शी माझं मराठी बोलणं ऐकून धावत आला. "अय्यो, तुमी आमचेच की! अन् तिथें दोघे तमिळांत बोलत बैसलों!" मिठी मारली. नाव सेतुराव, राहणार तिरुनागेश्वरम्. घरी येऊन दोनदा आंघोळ केली.

१४ फेब्रु.
सेतुरावानं त्याच्या मुलासाठी आमच्या लेकीला, कमळेला मागणी घातलीय. सौ. हरखलीय. "आपलीं माणसें उरलींत किती? देवानें समुद्रांतून सोयरा धाडला." आणि हा गावभर सांगतोय, म्हाताऱ्याला शेवटपर्यंत मीच पाणी पाजलं. मुलगा मात्र खरंच गुणी. कमळेच्याही मनात भरलाय. इथंच तर घोडं अडलंय.

१८ फेब्रु.
आज उत्तर घ्यायला आला, फुलं-फळं घेऊन. सौ. आत कॉफी करत होती, कमळा दाराआड. सेतुराव जवळ सरकला. कपाळाला घाम.
"होडींत मी कांहीं बडबडलों... तुमांस कळलें काय?"
दाराआड बांगड्या वाजल्या. मी पाण्याचा तांब्या त्याच्यापुढं केला.
"तण्णी वेणुमा?"
हात पुढं आला नाही त्याचा. कॉफीलाही थांबला नाही.
तांब्या तसाच भरलेला आहे. सौ. सारखी विचारतेय, काय ठरलं? कमळा काहीच विचारत नाही.