अण्णांची कॅसेट आणि माझा सर्व्हर

१० ऑगस्ट, सकाळी ७
आजपासून घरचा म्युझिक सर्व्हर, जुन्या लॅपटॉपवर. गाणी डाउनलोड करणारं टूल कंटेनरमध्ये चालतं. म्हणजे एक बंद डबा, आत सगळा प्रोग्रॅम. अण्णांसाठी, वडिलांसाठीच करतोय. कोकणातल्या जाखडी नाचाचे एवढे मोठे शाहीर, पण पक्षाघातानं वाचा गेली आणि खाटेला लागले. त्यांच्या आवाजाची एकच कॅसेट उरलीय, तीही चढवणार. दीपाली म्हणते, शेजारी रघूकडे टेप आहे, आजच लावू या की. बायकोला सिस्टीम कळत नाही.

१३ ऑगस्ट
सूचना वाचली. गाणी डब्याबाहेरच्या फोल्डरात ठेवा, डबा बदलला की आतलं सगळं जातं. त्यासाठी दोन ओळी लिहायच्या. नंतर लिहू. डबा बदलतोय कोण?

१७ ऑगस्ट
बाराशे गाणी! अण्णांना तासभर ऐकवली. त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. स्पीकर बदलायला हवा.

२१ ऑगस्ट
रघूचा टेप आणून कॅसेट त्याच डब्यात चढवली. अण्णांनी स्वतः रचलेलं गाणं, सहा कडवी. कागदावर कुठेच नाही. शेवटाला फीत तुटली. हरकत नाही, डिजिटल झालंय. कॅसेट घंटागाडीत दिली. दीपाली म्हणाली, राहू दे हो, कपाटात काय खायला मागतेय? ऐकलं नाही. अण्णांना गौरीपूजनाला सरप्राइज.

२९ ऑगस्ट
अण्णांचे ढोलकीवाले धोंडूकाका संगमेश्वरहून गौरीपूजनाला येतायत. राहवेना, अण्णांना सांगून टाकलं, तुमचं गाणं लावणार. त्यांच्या डाव्या हाताची बोटं खाटेवर ठेका धरायला लागली.

३१ ऑगस्ट, दुपारी
पाहुण्यांसमोर जुनं व्हर्जन बरं दिसत नाही. अपडेट केलं. जुना डबा काढला, नवा लावला. एरर एकही नाही.

संध्याकाळी ५
गाणी शून्य दाखवतंय. इंडेक्सिंग, म्हणजे गाण्यांची यादी बनवणं, चालू असेल.

१ सप्टेंबर, गौरीपूजन
इंडेक्सिंग नव्हतं.

दीपालीनं अण्णांना नवा सदरा घालून उशीला टेकवून बसवलं होतं. मी म्हटलं, नेट गेलंय. धोंडूकाका म्हणाले, मरूंदे तुझा नेट, मीच म्हणतो. मांडीवर ठेका धरून त्यांनी पहिलं कडवं म्हटलं. मग अडकले. पुढचं आठवेना. अण्णांकडे बघत राहिले.

अण्णांना सहाही पाठ आहेत. त्यांचे ओठ हलत होते. मला तिथे बसवेना.

२ सप्टेंबर
त्या दोन ओळी लिहिल्या. पाच मिनिटं लागली.